तरणी वासरं

प्रिय ग्लेनिस,

ते पोस्टर मी लावलं होतं. व्हिन्सने नाही, मी. आता शिव्या घाल, पत्र चुरगाळ, बहिणीच्या शेगडीत टाक, पण आधी पूर्ण वाच. फोन तू उचलत नाहीस. स्टाव म्हणाला की तू समुद्र ओलांडून बर्नीला बहिणीकडे गेलीस, म्हणून पत्र लिहितोय. शाळा सुटल्यापासून एवढं कधी लिहिलेलं नाही, आणि शाळेतही लिहायचो ते दुसऱ्याचं बघून. चुका काढत बसू नकोस.

झालं असं. आपल्या गिटारवाल्या स्टावने केस काळे केले ते तू बघितलंसच. पंचेचाळिशीचा घोडा, डोक्यावर बुटाचं पॉलिश लावल्यासारखा दिसत होता, आणि वर मलाच म्हणतो, "कोबी, आता तू थोरला वाटतोस रे माझ्यापुढे." म्हटलं थांब, तुला दाखवतो. माझा मावसभाऊ झेरॉक्सच्या दुकानात आहे. त्याच्याकडून एक पोस्टर बनवून घेतलं, अगदी आपल्यासारखं, पिवळा कागद, जाड काळी अक्षरं: 'व्हिन्स ट्रेलॉर आणि तरणी वासरं'. आपला बँड सध्या 'ओले मोजे' आहे, त्याआधी 'गंजलेली कुंपणं' होतं, 'कोरडे ढग' होतं, सगळ्यात आधी 'उधारीचे कोट'. म्हणजे 'तरणी वासरं' हे काही कुणाला खोटं वाटणार नव्हतं. व्हिन्स नेहमी असलीच नावं ठेवतो. कोलॅकच्या पबात रविवारी दुपारी आपला कार्यक्रम होता ना, तिथल्या पुरुषांच्या मुतारीत आरशाशेजारी चिकटवलं, कारण स्टाव मध्यंतरात तिथे भांग पाडतो. त्याला वाटावं की बँड बदलला, आपण गेलो, पाच मिनिटं घाम फुटावा, मग मी दाराआडून हसावं. एवढाच बेत होता. आईशप्पथ एवढाच.

पण बारवरच्या त्या लाल चष्म्याच्या बाईला स्वच्छतेची भारी हौस. ती बादली घेऊन मुतारीत गेली, आणि "एवढं चांगलं पोस्टर इथे कुठल्या गाढवाने लावलंय?" म्हणत काढून बाहेर आणलं आणि बारजवळच्या सूचनांच्या फळीवर, सगळ्यांना दिसेल असं टोचलं. स्टाव त्या वेळी बसून चिकन पार्मा हाणत होता, त्याने मान वर केली नाही. मी मागच्या दाराशी सिगारेट ओढत होतो. आणि तू लिंबूसरबत घ्यायला बारवर गेलीस.

आपल्यात विचारायची पद्धत नाही, मला माहीत आहे. व्हिन्स कुणाला तोंडावर जा म्हणत नाही. नवीन नावाचं पोस्टर दिसलं की जुन्यांनी समजायचं, उरलेला कार्यक्रम नीट वाजवायचा, बारवर व्हिन्ससाठी एक भरलेला ग्लास ठेवायचा आणि आपलं सामान उचलून निघायचं. रडायचं नाही, भांडायचं नाही. मला आल्या आल्या तूच हे समजावून सांगितलं होतंस आणि मी म्हटलं होतं, "हे काय, घटस्फोटालाही दोन कागद लागतात." तू हसली होतीस. त्या दिवशी दुसऱ्या अर्ध्यात तू किती छान वाजवलंस ग्लेनिस. मी ड्रमवरून मनात म्हणत होतो, म्हातारीला आज काय झालंय, एवढी कशी रंगलीय. मला काय माहीत.

मी बाहेर व्हॅनमध्ये ड्रम चढवत होतो. आत आलो तर बारवर भरलेला ग्लास, आणि व्हिन्स त्याच्याकडे बघत उभा. म्हणतो, "ही बिअर कुणाची? फेस बसलाय सगळा. असली बिअर मी पीत नाही." स्टावचं तोंड पांढरं पडलं. मग मी फळीवर पोस्टर बघितलं. तुझी बेस गिटार नव्हती, तुझा कोट नव्हता, गाडी नव्हती. सगळ्या बँडांमधून टिकलेली तू एकटी, आणि तुला वासरांनी घालवलं! पण खरं सांगतो, त्या क्षणी माझ्या डोक्यात दुसरंच अडकलं. ग्लास ठेवायची पद्धत पाडली कुणी? व्हिन्सनेच ना? मग तो 'कुणाची' असं का विचारतो?

दुसऱ्या दिवशी सकाळी पेट्रोलपंपावर मांस भरलेलं पॅटिस खाताना मी त्याला सगळं सांगून टाकलं. म्हटलं, व्हिन्स, मी गाढव आहे, ते पोस्टर माझं, ग्लेनिसला फोन कर आणि परत बोलाव. तो सॉस पिळत म्हणाला, "गप रे. ते नाव मला दाढी करताना सुचलं. तुम्ही पोरं सगळ्यावर आपला हक्क सांगता." मी म्हटलं, अरे खरंच माझं आहे, माझ्या मावसभावाने छापलंय. तर म्हणतो, "विचार ग्लेनिसला. तिला मी कधीच सांगितलं होतं." आणि डोळा मारला. आता सांग, मी काय समजायचं? मला वाटलं म्हातारा माझ्यावरच डाव उलटवतोय. चला, बरोबरीत सुटलो, उद्या हसेल. उद्या काही हसला नाही. उलट मला म्हणाला, "वासरांची आणखी पोस्टरं छापून आण, लोकांना नाव आवडतंय." आणि मग हळूच, "ती वासरं येणार कधी?" मी म्हटलं, कोण? म्हणाला, "नवीन बँड रे. आहेत कोण ते?" मी आणि स्टाव समोरच बसलो होतो. स्टाव टेबलाखालून मला लाथ मारत हसत होता. त्याला वाटतं म्हातारा नाटकं करतोय. मलाही वाटायचं. अजूनही अर्धं वाटतं, म्हणजे वाटून घ्यावंसं वाटतं.

मग हॅमिल्टनचा कार्यक्रम. व्हिन्स फक्कड दिसत होता, टोपी तिरकी, आवाज तर काय, तो कधी म्हातारा होतच नाही. तीन गाणी झाली. चौथं ते तुझ्या एकटीच्या बेसने सुरू होतं ना, मेंढ्यांच्या ट्रकवरचं. तो डावीकडे वळला आणि म्हणाला, "चल ग्लेनिस." आणि थांबला. डावीकडे कुणी नाही, नुसती वायर पडलेली. तो थांबलाच. लोकांना वाटलं मजा करतोय, शिट्ट्या मारायला लागले, एकजण ओरडला, "ग्लेनिस, बाई, ये की लवकर!" व्हिन्स हसऱ्या तोंडाने त्या रिकाम्या जागेकडे बघत राहिला. शेवटी स्टावने गिटारच्या जाड तारेवर तुझी धून कशीबशी काढली आणि गाडी पुढे गेली. व्हिन्स मात्र दोनदा पहिलंच कडवं गायला. माझ्याकडे वळून म्हणाला, "छान रे नॉर्म." तो मला आधीपासून नॉर्म म्हणतो. मी समजायचो की चिडवतोय, कारण 'उधारीच्या कोटां'मधला ड्रमवाला नॉर्म बेताल होता असं सगळे सांगतात. मी पण उलट त्याला सलाम ठोकायचो. किती हसलोय मी त्यावर.

कार्यक्रम संपला, आम्ही व्हॅनमध्ये बसलो. व्हिन्स दार लावू देईना. "थांबा, ग्लेनिस चिप्स आणायला गेलीय. तिच्याशिवाय निघायचं नाही." स्टाव म्हणाला, "म्हाताऱ्या, पुरे आता, थंडी वाजतेय." पण मी व्हिन्सचं तोंड बघितलं ग्लेनिस. मी आयुष्यभर लोकांना फसवत आलोय, थापा मारताना माणसाचं तोंड कसं असतं हे मला कळतं. ते थापेबाजाचं तोंड नव्हतं. मी उतरलो, चिप्स आणल्या, त्याच्या हातात ठेवल्या आणि म्हटलं, ती बहिणीच्या गाडीतून पुढे गेली, या तुझ्यासाठी दिल्यात. "मीठ कमी आहे," म्हणाला आणि सगळ्या खाल्ल्या.

त्यानंतर मला एकेक गोष्ट आठवायला लागली, आणि आठवेल तसा गोंधळ वाढायला लागला. प्रत्येक गाण्याआधी तू तारा जुळवायच्या निमित्ताने त्याच्या कानाशी जायचीस. मी तुला म्हणायचो, "एवढी सुरात असलेली गिटार पुन्हा पुन्हा काय जुळवतेस? कान गेले काय?" तू म्हणायचीस, "तुझं तोंड जुळवता येत नाही म्हणून." तू त्याला पहिली ओळ सांगत होतीस ना? रोज, प्रत्येक गाण्याची?

आणि मग मी पोस्टरं छापायला बॅलरॅटला डार्कोच्या छापखान्यात गेलो, व्हिन्सने सांगितलं होतं म्हणून. मला वाटलं, जरा वेळ काढू, छापू नको म्हणून कानात सांगू. डार्कोने 'तरणी वासरं' वाचलं आणि विचारलं, "ग्लेनिस का नाही आली?" मी म्हटलं, व्हिन्सने पाठवलं. तो शाईचे हात पुसत म्हणाला, "व्हिन्सने? अरे, पूर्वी यायचा तो. 'कोरड्या ढगां'पर्यंत स्वतः यायचा, अक्षरांवरून माझ्याशी भांडायचा. नंतरची सगळी तिचीच कामं. नाव तिचं, कागद तिचा, तारीख तिची." मी त्याच्या स्टुलावर बसलो. त्याने चहा दिला, तो तसाच राहिला.

कारण मग डेल आठवला, माझ्याआधीचा ड्रमवाला. त्याने मला ड्रम विकताना म्हटलं होतं, "व्हिन्स गाणी विसरतो की काय, असं मी एकदा ग्लेनिसला विचारलं, आणि पंधरा दिवसांत 'ओले मोजे' आलं. नशीबच फुटकं." नशीब कसलं! तू काढलंस त्याला. कुणी जास्त दिवस राहिलं की म्हातारा विसरतो हे त्याला कळायला लागतं, आणि कळलं की तू नाव बदलतेस, माणसं बदलतेस. नवीन माणसाला वाटतं, म्हातारा मुळातच असा, लहरी. आम्ही सगळे व्हिन्सला शिव्या देत गेलो, दगाबाज म्हणत गेलो, आणि तू ते ऐकून घेतलंस. त्यानेही ऐकून घेतलं, कारण त्याला वाटतं तोच काढतो.

पण मग मी काय करून ठेवलं, ते तेव्हा कळलं मला. तू न छापलेलं पोस्टर तू फळीवर बघितलंस. दुसऱ्या कुणाला वाटलं असतं, चला, नेहमीचं झालं. तुला वाटलं असणार, या वेळी खरंच व्हिन्सने केलं. स्वतः. इतक्या दिवसांनी शुद्धीवर येऊन त्याने पहिली गोष्ट काय केली, तर तुला काढलं, तरण्या पोरांसाठी. ग्लेनिस, त्याने नाही गं केलं. तो तुझ्यासाठी व्हॅनचं दार उघडं ठेवून बसला होता.

आता खरं का लिहितोय ते सांगतो. येत्या शनिवारी वॉर्नम्बूलला चाळीस वर्षांचा कार्यक्रम आहे, तूच ठरवलेला. 'कोट' येणार, 'ढग' येणार, 'कुंपणं' येणार, डेलसुद्धा येणार, खरा नॉर्म काठी टेकत येणार. सगळे एकेक करून वर चढणार आणि व्हिन्सने प्रत्येकाला नावाने हाक मारायची आहे. तू डावीकडे नसलीस तर तो माझ्यासमोर, त्या सगळ्यांसमोर, हसऱ्या तोंडाने थांबून राहील, आणि त्या दिवशी कुणी शिट्टी मारणार नाही. त्यानंतर त्याला कुठला पब बोलावणार? घरी खुर्चीत बसवतील, आणि खुर्चीत तो कोण आहे हे त्याला कोण सांगणार? गाण्यात असतो तेव्हा तरी तो व्हिन्स ट्रेलॉर असतो. म्हणून ये. शुक्रवारच्या बोटीने ये, मी धक्क्यावर व्हॅन घेऊन येतो. मला आता कळलंय, म्हणजे तुझ्या हिशेबाने माझंही पोस्टर निघायला हवं. काढ. शनिवार होऊ दे आणि काढ, मी ग्लास ठेवून निघेन, एक अक्षर बोलणार नाही. पोस्टर मी लावलं हे स्टावला सांग, डेलला सांग, पबाच्या फळीवर लिहून टाक, मला चालेल. पण व्हिन्सचं मला कळलंय हे कुणाला सांगू नकोस. स्टावला नको, तुझ्या बहिणीलाही नको. आणि व्हिन्सला तर नकोच नको, हात जोडतो ग्लेनिस, त्याला कधीच सांगू नकोस.

तुझाच,
कोबी