आधीच वेचलेलं वावर

मुंबई,
९ डिसेंबर २०२४

प्रिय आत्या,

सप्रेम जय भीम. मी बरी आहे. इथलं जेवण मिळमिळीत, त्यामुळे तुझी ठेच्याची बरणी शोमधल्या सगळ्यांनी मिळून संपवली. हे पत्र रत्नदीपदादाकडून वाचून घेऊ नको. हळूहळू का होईना, तूच वाच. फोनवर तू मला बोलू देत नाहीस.

माहितीपटवाले आपल्याकडे पहिल्यांदा आले तो दिवस आठवतो? त्यांना कापूस वेचणाऱ्या बाया दाखवायच्या होत्या, आणि तू आदल्याच दिवशी मजूर लावून सगळं वावर वेचून ठेवलं होतंस. दिग्दर्शिका अंकिताताई कॅमेरा घेऊन बोंडं रिकामी झालेल्या नुसत्या पऱ्हाट्यांकडे बघत राहिल्या. तू म्हणालीस, "पाव्हने येऊन राह्यले, अन् वावर तसंच पसरलेलं ठेवू का?"

त्या हसल्या आणि कॅमेरा माझ्याकडे वळवून म्हणाल्या, तूच सांग, काल इथं काय होतं. मी सांगत गेले. तिथून तीन माहितीपट झाले आणि मग हा रिअ‍ॅलिटी शो. बी.ए. झाले तेव्हा तू गावभर पेढे वाटलेस, पण लोकांसमोर बोलायला मी त्या रिकाम्या वावरात शिकले. ते तुझं देणं आहे.

आता सांगायचं ते सांगते. शोवाले सोमवारी घरी येणार होते, ते येणार नाहीत. त्यांचा माणूस घर बघायला आला, त्यांच्यासाठी तू भिंतींना दिलेला नवा निळा रंग पाहून त्यानं नाक मुरडलं, आणि तेव्हापासून तू नीट जेवत नाहीस, असं दादा सांगतो. "माह्या रंगानं पोरीचं नुकसान झालं," म्हणतेस म्हणे.

तसं नाही, आत्या. त्यांना तुला गोठ्यात बसवून तेच आपलं घर म्हणून दाखवायचं होतं. तू माझं शिक्षण थांबवत होतीस, असं मी रडत सांगायचं होतं. मी नाही म्हटलं. म्हणून पुढच्या भागांत मी नाही. वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू. पण तुझ्या रंगामुळे काही झालं नाही.

अंकिताताईंचा फोन आला होता. सेलूकडे त्यांचं नवं काम सुरू होतंय, लोकांशी बोलायला त्यांना मी हवी आहे.

गुरुवारी समुद्रपूरच्या एसटीनं येते. भिंतींना आता हात लावू नको, रंग आहे तसाच मला बघायचा आहे. आणि जेवायला माझी वाट पाहू नको. आजच जेव.

पाहुण्यांसाठी वावरसुद्धा आवरून ठेवणाऱ्या घरची,
अपेक्षा