काही विशेष नसल्याची खबर

रुसे, १४ एप्रिल

प्रिय विहराताई,

तुझ्या खुब्याचं ऑपरेशन झालं हे मला बेकरीवालीकडून कळलं, तेही दोन महिन्यांनी. म्हणून हे पत्र लिहावं लागत आहे. बरी असशील. (नसलीस तर तसं कळव. धीर देणं मला जमत नाही, पण मी येईन.)

इकडे डॅन्यूब आपल्या जुन्या बंदर-कचेरीत शिरली. पाणी वाढलं की नदीच्या वरच्या अंगाला असलेल्या पाणी-मोजणीच्या ठाण्यातल्या सर्व्हरने आपणहून कळवायचं आणि तोवर कचेरीतल्या कॉम्प्युटरने काही न विचारता कान लावून बसायचं, ही व्यवस्था आपण दोघींनीच बसवलेली. लाइन जिवंत राहावी म्हणून दर अर्ध्या मिनिटाला एक रिकामा निरोप जायचा आणि 'आहे' असं उत्तर यायचं. नवे इंजिनीअर कालोयान (वय पंचेचाळीस, दाढी विद्वानाची) म्हणाले, "निरोपात मजकूरच नाही, मग पाठवायचा कशाला? नुसत्या म्हातारीच्या चौकशा!" आणि त्यांनी तो काढून टाकला. लाइन सांभाळणाऱ्या मधल्या यंत्राला वाटलं, लाइन ओसच पडली आहे. त्याने ती तोडली. ठाणं हाका मारत राहिलं आणि कचेरीत सहा दिवस 'पाणी स्थिर'. (खिडकीबाहेर नदी पायरी-पायरीने चढत होती; पण खिडकीवर शिक्का नसतो.) सातव्या दिवशी बंदराच्या मोठ्या साहेबांचे बूट जिन्याखाली तरंगले.

कचेरीतून फोन आला, "झ्लात्काबाई, असाल तशा या!" मी झाडांना चुना लावत होते, तशीच गेले. प्रोग्राममधून काढलेल्या तीस ओळी परत घातल्या.

"दर अर्ध्या मिनिटाला म्हणजे जरा जास्तच नाही का?" कालोयान म्हणाले.

"बूट वाळले का साहेबांचे?" मी विचारलं.

त्या ओळी घालताना मशीनच्या खोलीतली थंडी आठवली. पलीकडून तू दिवसभर ओरडायचीस, "झ्लात्के, गोठलीस का गं?" आणि मी, "अजून नाही!" त्यातूनच तर ही युक्ती सुचली. दोघींत कॉफीचा एकच कप, कारण दुसरा फुटलेला (कुणी फोडला, यावर तू आजही खोटंच बोलशील). इतकी चांगली कॉफी पुन्हा प्यायले नाही.

तू विदिनला लेकीकडे गेलीस तेव्हा आपलं ठरलं, काही विशेष असलं तरच कळवायचं. चार वर्षं मी तुझ्या गप्प राहण्याला खुशाली समजत होते. कालोयानांना झापताना हे ध्यानात आलं आणि झापणं अर्धवट सोडावं लागलं.

तुझी,
झ्लात्का

ता. क. उत्तराची घाई नाही.

ता. क. २. घाई आहे.

ता. क. ३. विदिनच्या बसच्या ड्रायव्हरकडे सुपूर्द: काचेची बरणी एक, झाकणासह, रिकामी. दर रविवारी त्याच बसने परत यावी. रिकामी चालेल.