दुसऱ्या गावचा पूर

२ सप्टेंबर
माहितीपटाचं एडिट जवळजवळ लॉक. फक्त तळं फुटून पूर आल्याचा प्रसंग रिकामा, त्याचं चित्रणच नाही. पन्नास वर्षांपूर्वी बोगादीपलीकडच्या खेड्यात कॅमेरा घेऊन कोण जाणार? आंध्रातल्या पुराची एक न्यूजरील मिळाली. ब्लॅक अँड व्हाइट. पाणी सगळीकडे सारखंच. ती वापरते. खाली ‘प्रातिनिधिक दृश्य’ अशी पाटी टाकली.

४ सप्टेंबर
दिग्दर्शक विजयेंद्र म्हणतो, पाटीकडे लक्ष जातं, काढ. काढली. तात्पुरती. फायनलमध्ये नक्की घालणार. न्यूजरीलचा ग्रेन, चित्राचा दाणा, आपल्या फिल्मशी जुळवला. सांधा दिसत नाही. स्वच्छ काम.

८ सप्टेंबर
फिल्म ज्यांच्यावर आहे त्या भागीरथीअज्जींच्या घरी, सरस्वतीपुरमला, कट दाखवला. त्यांचे यजमान दिगंबर, शिंपी, त्या पुरात गेले. प्रेत मिळालं नाही. न्यूजरीलच्या शॉटमध्ये एक माणूस डोक्यावर ट्रंक घेऊन पाण्यातून वर येतो, पाठमोरा. अज्जी म्हणाल्या, थांबव. नोडी, बघा, हे आमचेच. नातू हर्ष म्हणाला, अज्जी, सुम्ने, उगी बस गं, पाठीवरनं कसं कळलं? अज्जी म्हणाल्या, पाठच ओळखते मी, मशीनवरनं तोंड कधी वर करत होते ते?
सगळे रडले. तांत्रिक माहिती द्यायची ती वेळ नव्हती. शॉट मात्र काम करतोय.

१५ सप्टेंबर
हर्षचा फोन. अज्जी कुंकू लावायला लागल्या. दाराला कडी घालू देत नाहीत. मी म्हटलं, या वयात होतं असं. उद्या जाऊन पाटीचं सांगते.

२० सप्टेंबर
गेले. ओसरीवर पुरुषाच्या चपला, नव्या. अज्जींनी विचारलं, पुढचं दाखव ना पोरी, वर आले नि कुठं वळले? म्हटलं, शोधते. हे खोटं नाही. शोधणं माझं कामच आहे.

२ ऑक्टोबर
महालय अमावास्या. अज्जींनी या वर्षी श्राद्ध घातलं नाही. भटजी दारात आले तर, जित्या माणसाला पिंड देता होय, म्हणून परतवून लावले. हर्ष हे सांगताना हसला नाही. आता पुरे. मूळ रिळाची माहिती प्रिंट केली: गाव, वर्ष, सगळं. पुराव्यापुढे प्रश्न मिटतो.

३ ऑक्टोबर
सांगितलं. न अडखळता, मुद्देसूद. हे आपलं तळं नाही, आंध्रातलं गाव आहे. अज्जी म्हणाल्या, म्हणून इथं सापडले नाहीत. मी म्हटलं, अज्जी, हा पूर दोन वर्षांनंतरचा आहे. त्यांनी माझा हात धरला. म्हणाल्या, म्हणजे दोन वर्षांनंतरही होते, अल्लवा, हो ना?
प्रिंट त्यांनी देवापाशी ठेवला. गाव मला माहीत, म्हणून मी सोबत जायचं, असं त्यांनीच ठरवलं. नाही म्हणायला तोंड उघडलं, तेवढ्यात कॉफी आली.
पाटी परत टाकली. नीट वाचता येते.
हर्षनं रेल्वेचं बुकिंग केलं. अज्जींनी शेजारी बसून करून घेतलं. जाताना तीन तिकिटं, येताना चार.