किलोभर नसलेली माळ

सोम., ६ ऑक्टो.
निकम सरांनी क्लासच्या दारावर नवा फ्लेक्स लावला. 'दशांश भागाकार? मोठ्याला लहानाने भागा. उत्तर हजर!' शेजारी स्वतःचा फोटो, हाताची घडी घालून. नाशिक रोडला गणिताचा अवतार झालाय म्हणायचा. माझ्या सहावीच्या बॅचने वहीच्या पहिल्या पानावर उतरवूनही घेतलं. चालू द्या.

मंगळ., ७
स्पेशल बॅचची चाचणी. निवड झाली तर फी माफ. पेपर सरांचा, उत्तरसूची सरांची, तपासणारी मी. शेवटचा प्र.: अडीच मीटर झेंडूच्या माळेचं वजन ०.८ किलो, तर एका मीटरचं किती? सूचीत ३.१२५ किलो!! म्हणजे अख्खी माळ किलोभरही नाही आणि तिचा तुकडा तीन किलोचा. झेंडू की लोखंड? सगळ्या पोरांनी हेच लिहिलंय. एकालाही हसू आलं नाही.

एकट्या ऋतुजाने ०.८ ला २.५ ने भागलं. ०.३२. सूचीप्रमाणे फुली मारली. एका गुणाने बाहेर. तिचे वडील सिन्नरला कंपनीत, फी माफ झाली तरच क्लास, असं त्यांनी बजावलंय.

बुध., ८
सरांना दाखवलं. चहाचा घोट घेत म्हणाले, "मॅडम, सूची पालकांच्या ग्रुपवर गेली. आता बदलली तर फ्लेक्सचं काय?" फ्लेक्सचं काय! पोरीचं काय, हे नाही सुचलं गृहस्थाला. म्हटलं, तराजू आणा, माळ मी आणते. हसले. मग मोठं मन केलं. शनिवारी तिची एकटीची फेरचाचणी, तुम्हाला पटेल ते उत्तर बरोबर धरा, फक्त गाजावाजा नको.

गुरु., ९
पेपर परत दिले. ऋतुजाने विचारलं, "मॅडम, माझं कुठं चुकलं?" सर दारातच उभे. मी म्हटलं, शनिवारी पुन्हा लिही, मग बघू. एवढी हुशार पोर, तिला वेगळं काय सांगायचं?

शनि., ११
लिहिलं तिने. ३.१२५. भागाकार बिनचूक, दशांश चिन्ह जागेवर. वर ०.३२ लिहून खोडलेलं.
"अगं, हे का खोडलंस?"
"तुम्हीच फुली मारली होती ना."
"एक मीटर माळ अख्ख्या माळेपेक्षा जड असते का?"
"नसते, मॅडम. पण पेपरात असते."
मागून निकम सर, "बघा, कळलं पोरीला!" थोबाडीत द्यावीशी वाटली. कोणाच्या, ते...

रवि., १२
पेपर पर्समध्ये. उद्या गुण भरायचे. बरोबरची खूण केली तर ती आत, आणि ती माळ जन्मभर तीन किलोची. फुली मारली तर घरी. आठवडाभर त्या फ्लेक्सला हसत बसले, लाल पेन मात्र माझ्या हातात होतं. निकम सरांनी साधी पेन्सिलही उचलली नाही.

संध्याकाळी ऋतुजाच्या वडिलांचा फोन येऊन गेला. उचलला नाही. उद्या त्याच फ्लेक्सखालून आत जायचंय.