बेंझाल्डिहाइडची सोयरीक

मांडवगण फराटा,
३ फेब्रुवारी २०२५

चि. धनश्रीस तुळजाआत्याचे ओंजळभर आशीर्वाद,

वि. वि. इकडे सगळे खुशाल. फोन सोडून आत्या पत्र कशाला लिहितेय, असं म्हणशील. आपल्या घरात फोन म्हणजे देवळावरचा भोंगा. मी हॅलो म्हटलं की आमचे हे, म्हणजे तुझे मामा, स्पीकर लावतात, तुझी आई चुलीवरचं टाकून धावत येते आणि शेजारची कस्तुराबाई कुंपणापलीकडून उत्तरं देते. म्हणून हे पत्र जालिंदरच्या जीपने दौंडला धाडतेय. त्याला वाचू नको म्हणून बजावलंय आणि डिंकही दोनदा लावलाय.

आता मुद्द्याचं. मी आणलेलं तळेगाव ढमढेऱ्याचं स्थळ तुला पसंत आहे, हे तू सांगायची गरज नाही. मल्हारच्या रोपवाटिकेत तू वांग्याची रोपं बघायला म्हणून गेलीस आणि इकडे त्यांच्या ओसरीवर आमचा चहा दोनदा गरम करावा लागला. वांग्याच्या रोपात एवढं बघण्यासारखं काय असतं, हे माझा जन्म शेतात जाऊनही मला कळलेलं नाही.

पण घोडं अडलंय त्याच्या आईपाशी. रतनबाई परवा तळेगावच्या बाजारात भेटल्या. मुलगी कंपनीत काय करते, असं त्यांनी विचारलं. मी फुशारकीनं सांगितलं की कुरकुंभला केमिकलच्या लॅबमध्ये मोठी साहेबीण आहे. केमिकल म्हटल्याबरोबर बाईंचा चेहराच उतरला. हातातली कोथिंबिरीची जुडी त्यांनी परत टोपलीत ठेवली. म्हणाल्या की पोर गुणाची आहे, पण नोकरी सोडणार असेल तरच पुढचं बोलू, विषात हात घालणारी सून आमच्या घरात नको.

तू नोकरी सोडणार नाहीस हे मला ठाऊक आहे, आणि मल्हारला नाही म्हणणार नाहीस हेही. दोन डगरींवर पाय ठेवायचा तर मधे आत्याला उभं राहावं लागणार. १६ तारखेच्या रविवारी ती मंडळी आपल्याकडे घर बघायला येताहेत. तेव्हा तुमच्या कंपनीत नक्की काय बनतं ते कळव. मालाचं पूर्ण नाव लिही, आखूड करू नकोस. पाठांतरात शाळेत माझा पहिला नंबर असायचा, हे तुझ्या वडलांना, आमच्या दादाला, विचार.

जेवत जा. आत्यावर राग असला तरी जीव लावायचं सोडू नकोस.

तुझी,
तुळजाआत्या


दौंड,
८ फेब्रुवारी २०२५

ती. सौ. आत्यास धनूचा शि. सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. जालिंदरदादांनी ते मुळीच वाचलेलं नाही. त्यांनी फक्त वांग्याची रोपं कशी आहेत, एवढंच विचारलं.

तू नाव मागितलंस, तर आता पदर खोचून बस. फोर-हायड्रॉक्सी-थ्री-मेथॉक्सी-बेंझाल्डिहाइड. घाबरू नकोस, शेपटाकडून सोडवते. बेंझ हा शब्द लोबानावरून आलाय. आपण निखाऱ्यावर टाकतो ना, त्या जातीच्या एका सुगंधी डिंकाला बेंझॉइन म्हणतात, त्यावरून हे नाव सगळ्या भाऊबंदांना चिकटलं. अल्कोहोलमधून हायड्रोजन काढून घेतला की जे उरतं ते अल्डिहाइड, म्हणजे दारू सुटून सुधारलेला गडी समज. मेथॉक्सीचा आपल्या मेथीशी काही संबंध नाही, हे आधीच सांगते, कारण तू विचारणारच. आणि हायड्रॉक्सी म्हणजे हायड्रोजन-ऑक्सिजनची जोडी, ती जिथं लागते तो पदार्थ जरा पाण्याच्या कलानं घेतो.

या सगळ्या खटल्याचं घरातलं नाव व्हॅनिलिन. व्हॅनिला आइस्क्रीमचा जो वास तुला आवडतो तो हाच. मुळात तो एका वेलीच्या शेंगेत असतो. पण जगाला आइस्क्रीम एवढं लागतं की शेंगा पुऱ्या पडत नाहीत, म्हणून तोच पदार्थ कारखान्यात बनवतात. बिस्किटं, केक, चॉकलेट, कस्टर्ड, अगरबत्ती, अत्तर, पोरांच्या कडू औषधाचा कडूपणा झाकायला, सगळीकडे तो आहे. काही औषधं बनवायला कच्चा माल म्हणूनही जातो. तो शुद्ध आहे का, हे तपासायचं माझं काम. संध्याकाळी खोलीवर आले की शेजारच्या ताई विचारतात, आज केक केलास का म्हणून.

आता मनातलं. मल्हार मला फार आवडलाय, आत्या. रोपांना पाणी घालताना तो प्रत्येक ट्रेला हात लावून बघतो आणि एखादं रोप मान टाकत असलं तर त्याच्याशी पुटपुटतो. पण सकाळी लॅबचं दार उघडताना मला जो आनंद होतो तोही मी कुणाला द्यायची नाही. मला दोन्ही हवंय. हावरट म्हण हवं तर.

तू एक कर. आल्या आल्या नाव सांगू नकोस, माणसं बिचकतील. आधी वास घेऊ दे, चव घेऊ दे, गोडी लागली की मग सावकाश नाव सांग.

मामांना नमस्कार. माझ्यावरची माया घट्ट ठेव, पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
धनू


मांडवगण फराटा,
१७ फेब्रुवारी २०२५

चि. धनूस अनेक आशीर्वाद,

वि. वि. पत्रास कारण की तुझ्या आत्यानं काल तुझं लग्न जवळजवळ मोडलं.

मी तुझा शब्द न् शब्द पाळला. कस्टर्डची पावडर आणली, म्हशीचं दूध आटवलं, चिकू, केळी, द्राक्षं घालून पातेलंभर फ्रूट सलाड केलं. वास असा सुटला की कस्तुराबाई साखर मागायच्या निमित्तानं येऊन गेली. पाहुण्यांनी घर बघितलं, गोठा बघितला आणि वाट्या हातात घेतल्या. मल्हारच्या वडलांनी, म्हणजे संपतरावांनी, दोनदा घेतलं. रतनबाईंनी स्वतःहून आणखी मागितलं. मल्हार वाटी इतकी खरवडत होता की कल्हई निघते की काय असं वाटलं.

ते बघून मला चेव आला. आठवडाभर भाकरी थापताना नाव घोकलं होतं, ते काही पोटात राहीना. उभी राहिले, पदर सावरला आणि शाळेत कविता म्हणायचो तशी हात जोडून म्हटलं की पाहुणे मंडळी, आपण आत्ता जे खाल्लंत त्यात फोर-हायड्रॉक्सी-थ्री-मेथॉक्सी-बेंझाल्डिहाइड होतं, आमच्या धनश्रीच्या कंपनीत बनतं तेच केमिकल.

टाळ्या पडतील म्हणून मी थांबले. टाळ्या कसल्या, संपतराव उठले ते थेट अंगणात गेले आणि घशात दोन बोटं घातली. तुझ्या मामांना मी सगळं आधी समजावलं होतं, तरी त्यांनीही मिठाचं पाणी ढोसलं. पोट दुखतंय म्हणाले. कस्तुराबाईनं कुंपणावरून सगळ्या आळीला ओरडून सांगितलं की पाहुण्यांना विषबाधा झाली. मी नाही नाही म्हणत होते, पण माझं ऐकतंय कोण? सगळे पिकअपमध्ये चढले आणि दवाखान्यात. डॉक्टरांनी विचारलं, काय खाल्लं. मी ते नाव एका दमात सांगितलं, कुठंही अडखळले नाही. त्यांनी फोनमध्ये बघितलं आणि असे हसले की चष्मा काढून पुसावा लागला. वर म्हणाले की उरलं असेल तर डबाभर इकडे पाठवा.

मलाही हसू आवरेना. पण रतनबाई हसल्या नाहीत. त्या आल्या तशा मल्हारचा हात धरून बसल्या होत्या, तो काही केल्या सोडेनात. मग मल्हारनं मला बाजूला घेऊन सांगितलं. तो लहान असताना ही माणसं मेंढरं घेऊन कोकणाकडे निघाली होती. वाटेत एका ओढ्यावर कळप पाण्याला लावला. तिथं कुणीतरी टँकर रिकामा करून गेलेलं. दुपारपर्यंत निम्मी मेंढरं आडवी झाली. गावातली माणसं येऊन बघून गेली आणि केमिकल होतं म्हणाली, एवढंच. पुढे उरलेला कळप विकून ती तळेगावला शेती करायला लागली.

हे मला ठाऊक असतं तर मी जीभ चावून गप्प बसले असते, पोरी. रतनबाई जाताना कळवतो म्हणाल्या. सोयरिकीत कळवतो म्हणजे काय, ते तुला सांगायला नको. मला काल जेवण गेलं नाही. आता तूच त्यांना दोन ओळी लिही. माझ्या तोंडून निघालेलं काही त्यांना परत ऐकवू नकोस.

दादा-वहिनी रागावलेत, तू तरी रागावू नकोस. इथून पुढं मी कविता म्हणायची नाही, पण लोभ तेवढा राहू दे.

तुझी,
तुळजाआत्या


दौंड,
१९ फेब्रुवारी २०२५

ती. सौ. रतनमावशींस धनश्रीचा नमस्कार,

वि. वि. हे पत्र तुम्हाला मल्हार वाचून दाखवणार, म्हणून त्यांच्याबद्दल शक्य तेवढं कमी लिहिते.

आत्यामुळं तुम्ही भ्यालात, त्याबद्दल माफी मागते. तिचा हेतू गोड होता, कस्टर्डही गोडच असणार. तुमच्या मेंढरांचं कळलं. वाचून फार वाईट वाटलं. आमचे आजोबाही मेंढरंच राखायचे.

म्हणून ते नाव तुम्हाला त्यांच्या रीतीनं सांगते. एखादं मेंढरू चुकलं की आजोबा वाटेत कुणाला नुसती मेंढी दिसली का असं विचारत नसत. काळ्या तोंडाची, पांढऱ्या पायांची, डावा कान चिरलेली, असं सांगायचे आणि समोरचा धनगर बरोबर ओळखायचा. आमच्या नावांचंही तेच आहे. कार्बनच्या सहा कणांचं एक कडं असतं. त्याच्या पहिल्या जागेवर अल्डिहाइड, तिसऱ्या जागेवर मेथॉक्सी, चौथ्या जागेवर हायड्रॉक्सी, एवढ्या खुणा त्या नावात सांगितल्यात. तिसरी आणि चौथी खूण आपसात बदलली तर जनावर बदलतं, मग त्याला आइस्क्रीमचा तो वास येत नाही.

तुमच्याशी खोटं बोलणार नाही. व्हॅनिलिन गोड असलं तरी त्याची पोती उघडताना आम्ही मास्क आणि हातमोजे घालतो. आणि कारखान्यांत असेही पदार्थ असतात, जे ओढ्यात गेले तर तुमच्या कळपाचं झालं तेच होईल. त्या दिवशी ओढ्यात जे होतं त्यालाही असंच पूर्ण नाव असणार. ते तुम्हाला कुणीही सांगितलं नाही, याचा मला फार राग येतो.

नोकरी सोडते असं लिहून तुम्हाला खूश करता आलं असतं. पण मग तुमच्या घरी जी येईल ती निम्मी धनश्री असेल. मला तुमच्या घरी यायचंय. मला मल्हार फार आवडतात. हे लिहिताना लाज वाटतेय, त्यात मोठ्यानं वाचणारेही तेच आहेत.

काका बरे आहेत ना? नकार आला तरी तुमच्याविषयीचा आदर जाणार नाही, तुमचीही थोडी माया असू द्यावी.

आपली,
धनश्री


तळेगाव ढमढेरे,
२५ फेब्रुवारी २०२५

चि. धनश्रीला रतनबाईचा आशीर्वाद,

मी बोलतीया आन् मल्हार लिहितोय. एक अक्षर बदलशील तर बघ, असा दम दिलाय त्याला.

तुझं पत्र आलं. मल्हारनं वाचून दावलं. शेवटाला आला तवा त्याचा आवाज बसला आन् कान लाल झालं. मग ते वाक्य मी त्याला पुन्ना पुन्ना वाचाय लावलं, ऐकू आलं न्हाई म्हणून. माझं कान चांगलं हायती.

तुझ्या आत्याला सांग, माझा राग न्हाई. कस्टर्ड लय झ्याक झालं व्हतं. आमच्या मालकांनी अंगणात जाऊन वकून टाकलं, त्याची त्यांना अजून हळहळ वाटती.

तू मेंढराच्या खुणंचं लिहिलंस, ते बराबर हाय. माझी एकेक मेंढी मी खुणंवरनं वळखत व्हते. गेली त्या सगळ्यांच्या खुणा आजबी सांगीन. जे पिऊन ती गेली त्याला मातुर नुसतं केमिकल म्हणायचं. मेलेल्यांची नावं मला पाठ, मारणाऱ्याचं ठाव न्हाई. आन् इतकी वर्सं त्या एका शबुदाला मी भीत व्हते.

परवा आमच्या वाडीच्या रस्त्यानं एक टँकर चालला व्हता. मी मधीच जाऊन हुबी राहिले. ड्रायवर हिंदीवाला. आत काय हाय म्हणून इच्यारलं. केमिकल हाय म्हणाला. मी म्हणलं, पुरं नाव सांग, त्याबिगर हलायचं न्हाई. त्याला काय सांगता येईना. टँकरवर लिहिलंय म्हणाला. मागं गाड्यांची रांग लागली, लोकं भोंगं वाजवाय लागली, मल्हार आई चल आई चल म्हणत व्हता. त्यालाच म्हणलं, फोटू काढ. तवा सोडला. फोटूची कापी ह्याच पाकिटात घातलीय. नाव तुझ्या त्या नावाहून लांब हाय. हे सांडलं तर माणसानं पुसायचं का पळायचं, ते वाचून कळीव.

नोकरी सोडायची म्हणले व्हते ते मागं घेते. आता माझी उलटी अट हाय. लगीन झालं तरी सोडायची न्हाई. आमच्या आख्ख्या वाडीत ते नाव वाचून सांगणारं एक माणूस न्हाई. दौंड लांब पडतं ते खरं. मल्हारनं रोपं तिकडं लावावी, रोपं काय कुठंबी उगवत्यात. हे वाक्य लिहिताना तो हसाय लागलाय, तवा त्याची तयारी हाय असं समज.

साखरपुड्याची तारीख तुझ्या दादांना फोनवर सांगितली. मांडवगणच्या समद्यांनी ऐकली असंल.

माया हाय म्हणून लिहायची रीत असती. ती हायेच. जवाब लवकर धाड.

तुझी सासू,
रतनबाई