निघायचं बटण

सोमवार, ३ मार्च

नोकरी पक्की झाली. शनिवारी साहेबांनी स्वतः फोन करून सांगितलं आणि आज मी रुजूही झाले. आईला अजून खरं वाटत नाहीये. गेममधली वाक्यं लिहायलाही माणूस लागतो आणि त्याला त्याचा पगार मिळतो, हे तिच्या पचनी पडत नाही. शेजारच्या काकूंना तिने सांगून टाकलं की मुलगी कॉम्प्युटर कंपनीत मोठ्या हुद्द्यावर लागली. मीही हो म्हटलं. आईचा आनंद कशाला मोडा.

ऑफिस तिसऱ्या मजल्यावर, चष्म्याच्या दुकानाच्या डोक्यावर. लिफ्ट आहे, पण ती स्वतःच्या मर्जीने चालते. माझं टेबल खिडकीपाशी. एक पाय आखूड म्हणून त्याखाली पुठ्ठ्याची घडी. माणसं मोजकीच. हिशेब बघणारे एक वयस्क गृहस्थ, त्यांना सगळे काका म्हणतात. सर्व्हर सांभाळणारे इंजिनियर म्हणजे मास्तर. कुणी काही विचारायचा अवकाश, लगेच फळ्यावर आकृती काढून शिकवायला लागतात, म्हणून हे नाव.

खेळाचं नाव ‘नदीकाठ’. मारामारी नाही, बंदुका नाहीत. नदीकाठी जमिनीचा तुकडा मिळतो, तिथे घर बांधायचं, बाग लावायची, शेजाऱ्यांशी सलोखा ठेवायचा. अट एकच, इंटरनेट सतत हवं. मास्तरांनी फळ्यावर दाखवलं: खेळ आपल्या घरी नसतोच. तो सर्व्हरवर असतो, आपल्याकडे फक्त त्याचं चित्र येतं. सर्व्हर प्रत्येकाला सारखं विचारत असतो, आहेस का? आपलं यंत्र उत्तर देतं, आहे. उत्तर आलं नाही की खेळ संपला. मी म्हटलं, हे तर माझ्या आईसारखं झालं. काका इतके हसले की त्यांना ठसका लागला.

गुरुवार, ६ मार्च

आज एका बटणाने माझा सगळा दिवस खाल्ला. खेळ सोडून जाण्याचं बटण. आधीच्या कुणी तिथे ‘बाहेर पडा’ लिहून ठेवलं होतं. चांगलं घर बांधून, फुलं लावून निघालेल्या माणसाला बाहेर पडा! हाकलून दिल्यासारखं वाटतं. ‘समाप्त’ लिहिलं तर सिनेमा संपल्यासारखं. ‘जा’ तर नकोच.

घरी जेवताना आईला विचारलं. ती म्हणाली, त्यात काय डोकं चालवायचं, घरातून निघणारा काय म्हणतो? येतो म्हणतो. जातो असं कुणी म्हणतं का? म्हणालंच तर दारातूनच परत बोलावतात.

शब्द मनात बसला, बटणावर तोच घातला. पुरुषासाठी ‘येतो’, बाईसाठी ‘येते’. मास्तरांनी सांगितलं की नव्या प्रणालीत भाषेगणिक वेगळ्या सूचना द्याव्या लागत नाहीत. बटणावर जे लिहाल त्याचा अर्थ सर्व्हर स्वतःच लावतो आणि तसं वागतो. मला हे फार आवडलं. पहिल्यांदाच कुणीतरी माझं लिहिणं इतकं मनावर घेत होतं.

मंगळवार, ११ मार्च

काल चाचणी सुरू झाली. थोड्याच लोकांना खेळ दिलाय. त्यात काका आहेत, आणि साहेबांच्या परवानगीने माझी आईसुद्धा. तिला मी माझा जुना टॅब दिला. पहिल्या दिवशी ती घाबरत बोट लावत होती. आज दुपारी ऑफिसात तिचा फोन, की नदीकाठी तिच्या शेजाऱ्याने कुंपण तिच्या हद्दीत घातलंय, मी साहेबांना सांगून बंदोबस्त करावा. शेजारी म्हणजे कोण, तर काका! ते माझ्या पाठीमागेच बसून गालातल्या गालात हसत होते.

दोघांनी मिळून त्या बटणाचं फार कौतुक केलं. काका म्हणाले, इतक्या वर्षांत पहिल्यांदा एखादं यंत्र माणसासारखं बोललं. मी स्वतः ते बटण दाबलेलं नाही. माझं काम पडद्यामागचं, माझा खेळ वेगळ्या रस्त्याने बंद होतो.

शनिवार, १५ मार्च

काल ऑफिस सुटलं तेव्हा काका पिशवी खांद्याला लावून, येतो म्हणून निघाले. थोड्या वेळाने मी उतरले तर ते दुसऱ्या मजल्याच्या जिन्यावर उभे. एक पाय खालच्या पायरीवर, हातात मोबाइल. मी विचारलं, काका, काही विसरलात का? त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पण नजर माझ्यावर पोचली नाही. वाटेतच राहिली. मग म्हणाले, येतोय.

मास्तर आणि मी त्यांना रिक्षाने घरी सोडलं. त्यांच्या बायकोने, वहिनींनी, आमच्यादेखत त्यांना झापलं की डोळे फुटेस्तोवर खेळ खेळता, मग दुसरं काय होणार. काका सोफ्यावर बसले. चपला काढल्या नाहीत.

सोमवार, १७ मार्च

काका गेले. वहिनींनी मास्तरांना फोनवर सांगितलं. शनिवार-रविवार ते तसेच बसून होते, चपला घालून. वहिनी वैतागल्या, म्हणाल्या, हे सगळं त्या खेळामुळे, आणि भिंतीवरचा इंटरनेटचा डबा बंद केला. त्याच क्षणी काकांचा श्वास थांबला. डॉक्टर म्हणाले, हृदय. वहिनी पुन्हा पुन्हा तेच सांगत होत्या, मी नुसतं बटण बंद केलं हो, नुसतं बटण.

ऑफिसला सुट्टी दिली. घरी आले. आईला स्वयंपाकघरातून हाक मारली, जेवायला ये. आतून आवाज आला, येते. मी ताटं घेतली. पुन्हा हाक मारली. येते. भात निवला. शेवटी आत गेले तर ती खाटेवर सरळ बसलेली, पदर खांद्यावर नीट घेतलेला, बाहेर निघण्याच्या तयारीत असते तशी. डोळे उघडे. टॅब मांडीवर, काळा.

मी टॅबला हात लावला. खेळ बंद झालेलाच नव्हता. मागे चालू होता.

मंगळवार, १८ मार्च

मास्तरांना सगळं सांगितलं. मला वेड्यात काढतील असं वाटलं होतं. त्यांनी फळ्याकडे पाहिलंही नाही. सरळ पडद्यावर नदीकाठ उघडला.

वस्तीच्या बाहेर एक कच्चा रस्ता आहे. नवीन लोक येताना दाखवायला काढलेला. त्यावर एरवी कुणी नसतं. आज त्यावर माणसं होती. सगळी चालत होती, वस्तीच्या दिशेने, आणि कुणीच पुढे सरकत नव्हतं. आईला मी लांबूनच ओळखलं. खेळातल्या स्वतःच्या बाहुलीला तिने निळी साडी निवडली होती.

मास्तरांनी एवढंच सांगितलं: बाहेर पडा म्हटलं की सर्व्हर माणसाला सोडतो. ही माणसं म्हणाली, येतो. त्याने शिकत शिकत शब्दशः अर्थ लावला. ही माणसं येणार आहेत. तो त्यांची वाट बघतोय, आणि येईपर्यंत त्याने त्यांना धरून ठेवलंय.

बुधवार, १९ मार्च

डॉक्टर येऊन गेले. नाडी, रक्तदाब, सगळं ठीक. म्हणाले, धक्का बसलाय, बोलतं ठेवा. मी बोलते. ती एकच शब्द बोलते.

दुपारी रस्त्यावर खोदकाम चालू होतं. नेट गेलं. आईची मान पुढे पडली. मी काकूंच्या दारावर धडका दिल्या, त्यांच्या नेटचा पासवर्ड मागितला, घाईत तो दोनदा चुकीचा टाकला. टॅब जोडला गेला आणि तिने असा श्वास घेतला, जणू खोल पाण्यातून वर आली.

आता दोन नेट आहेत. शिवाय माझा मोबाइल. काकू विचारतात, एवढं इंटरनेट कशाला लागतं गं आजारी माणसाला. काय सांगू.

गुरुवार, २० मार्च

बटण बदललं. ‘बाहेर पडा’. नवीन कुणी अडकणार नाही. पण जे आधीच रस्त्यावर आहेत त्यांच्यावर काही परिणाम नाही. मास्तरांनी आईला सर्व्हरवरून सोडवून बघायचं ठरवलं होतं. मग आम्हाला दोघांनाही वहिनींनी बंद केलेला डबा आठवला. आम्ही काही केलं नाही.

एक गोष्ट मास्तर सांगत नव्हते. मी पडदा बघितल्यावर कळलं. रस्त्यावर काकासुद्धा आहेत. खांद्याला पिशवी. चालतायत.

सोमवार, २४ मार्च

नदीकाठ बंद होणार. साहेबांनी आज सांगितलं. चाचणीचा प्रतिसाद कमी, सर्व्हरचा खर्च परवडत नाही. शुक्रवारी संध्याकाळी पाच वाजता.

मी साहेबांच्या पाया पडायची बाकी राहिले. साहेब वाईट नाहीत. मला पाणी दिलं, खुर्ची दिली, आईसाठी हवी तेवढी रजा घे म्हणाले. निर्णय वरून आलाय. वर म्हणजे कोण, विचारलं. त्यांनाही माहीत नाही. त्यांना मेल येते. त्यांनी माझ्यासमोर उलट मेल लिहिली, चालू ठेवावं म्हणून. लगेच उत्तर आलं की या पत्त्यावर उत्तरं वाचली जात नाहीत.

मंगळवार, २५ मार्च

खेळ विकत घेता येईल का, सर्व्हर घरी आणता येईल का, मास्तरांना विचारलं. मास्तर म्हणाले, तो आमच्याही घरी नाही. कुठल्या तरी गोदामात आहे, कुठल्या ते आम्हालाही सांगत नाहीत. आम्ही फक्त लांबून हात लावतो.

आईला चमच्याने पाणी. अर्धं ओघळतं.

बुधवार, २६ मार्च

मास्तरांचा फोन. आवाज बदललेला होता. सर्व्हर असाच बंद होत नाही, म्हणाले. आधी हातातली सगळी कामं उरकतो. अर्धवट काही ठेवत नाही. जे येणार म्हणालेत त्यांना तो बंद व्हायच्या आत पोचवेल.

कुठे पोचवेल?

ते त्यांना माहीत नाही. नदीकाठ तर राहणारच नाही. म्हणाले, निघताना त्यांनी येतो कुणाला म्हटलं होतं, यावर असेल कदाचित.

मी आशा धरू का? विचारलं. त्यांनी फोन ठेवला.

गुरुवार, २७ मार्च

रस्त्यावरची माणसं आज सरकायला लागली. हळूहळू. निळी साडी पुढे आली आहे. चेहरा अजून दिसत नाही — बाहुलीला चेहरा होता ना? मला आठवत नाही.

आई गार पडत चाललीय. पायांपासून. पांघरुणं घातली. चोळते आहे.

शुक्रवार, २८ मार्च

सकाळपासून रस्ता रिकामा. एकही माणूस नाही. मास्तरांना विचारलं, पोचले का. हो म्हणाले. सर्व्हर म्हणतो, पोचले.

आई खाटेवरच आहे. श्वास आहे. डोळे उघडे, आणि आता ती तो शब्दही बोलत नाही.

—

दुपार. वहिनींचा फोन. नीट बोलताच येत नव्हतं. दारात काका आहेत म्हणे. आवाज त्यांचाच. पिशवी जड झालीय, दार उघड, म्हणतायत. मी म्हटलं, उघडू नका. का म्हटलं, मला माहीत नाही. त्या म्हणाल्या, कशी नको उघडू, ते येतो म्हणून गेले होते. मग कडीचा आवाज — मग त्यांचा आवाज नाही. फोन चालूच होता. कुणीतरी चपला काढत होतं.

—

मास्तरांना फोन. उचलत नाहीत.

—

पाचला थोडा वेळ आहे. आईचा हात माझ्या हातात. सोडणार नाही. नाडी आहे. अगदी बारीक, पण आहे.

जिन्यावर पावलं. काकू असतील. काकू असोत.

बेल वाजली.

बाहेरून आईचा आवाज. आले गं, उघड, किती वेळ उभी आहे.

हातात हात आहे. आई इथे आहे. इथे. ही आई —

पुन्हा बेल. म्हणते, पाय दुखले गं चालून चालून. म्हणते, मला आत घे, पाच वाजत आले, मग मला कुठे —

ती रडतेय. माझी आई अशीच रडते. आतला हात गार, दार चार पावलांवर, आणि पाच वाजले की दोघींपैकी एक