‘येतो’ हा निरोप असतो

४ मार्च, सोमवार

आले एकदाची! नवं गाव, नवी नोकरी, नवी खोली आणि ही नवी वही. ताईने निघताना हातात कोंबली. म्हणाली, तुझ्या पोटात काही राहत नाही, तेव्हा लोकांच्या डोक्यावर ओतण्यापेक्षा कागदावर ओत. सख्खी बहीण आहे म्हणून सोडून दिलं.

खोली दुसऱ्या मजल्यावर आहे. जिना बाहेरून, लोखंडी; मांजर चढलं तरी वाजतो. आत खाट, घडीचं टेबल, कोपऱ्यात ओटा. दाराला आतून जाडजूड कडी आहे, ती दोन्ही हातांनी वर ढकलल्याशिवाय निघत नाही. मालकीणबाई खाली राहतात. पहिल्याच भेटीत त्यांनी बजावलं की चपला बाहेर काढायच्या, कठड्यावर कपडे वाळत घालायचे नाहीत आणि पाहुणे आणायचे नाहीत. मी म्हटलं, पाहुणे आणायला आधी गावातलं एखादं कुत्रं तरी माझ्या ओळखीचं हवं ना. त्या हसल्या नाहीत.

नोकरीचं ऐकून ताईला हसू आवरेना. लोकांच्या शिव्या वाचायच्या आणि त्याचा पगार घ्यायचा! ऑनलाइन गेमची कंपनी आहे. चौघांचा संघ बेटावर उतरतो, बाकीच्यांना गारद करतो आणि खेळता खेळता चॅटवर एकमेकांच्या आईबहिणीचा उद्धार करतो. ज्याला सहन होत नाही तो तक्रारीचं बटण दाबतो. ती तक्रार माझ्या पडद्यावर येते. मी वाचायचं आणि ठरवायचं: दोषी की निर्दोष. दोषी म्हटलं की तो गेममधून बाहेर.

माझं स्वतःचं तोंड काही कमी नाही. घरी मला मिरची म्हणतात ते उगाच नाही. जमेल मला हे काम.

६ मार्च, बुधवार

आमच्या टेबलाचे प्रमुख म्हणजे मास्तर. हे नाव त्यांच्या मागे घ्यायचं. कोणाचंही काम बघताना त्यांचा एक हात हवेत लाल पेन शोधत असतो. माझ्या शेजारी फुंकर बसतो. चहा गार झाला तरी फुंकर मारूनच पितो, म्हणून फुंकर. दिवसभरात मोजून मापून बोलतो आणि बोलला तरी कुजकं.

आधी हे काम एकटं यंत्र करायचं. त्याला भाषा कळते, बोलणं कळत नाही. ‘डोकं खाऊ नकोस’ म्हणणाऱ्याला त्याने नरभक्षक समजून हाकललं. पण सगळ्यात जास्त बळी गेले ते ‘येतो’चे. खेळ संपला की आपली माणसं ‘चला, येतो’ म्हणून निघतात. यंत्राला वाटलं, हा दुसऱ्याच्या घरी येण्याची धमकी देतोय! शेकडो सभ्य माणसं अशी बाहेर फेकली गेली. म्हणून मराठी कळणारं माणूस हवं होतं, आणि ते माणूस म्हणजे मी. मान ताठ झाली माझी.

डोळे मात्र चुरचुरतात. म्हणून फोनला सगळं मोठ्याने वाचायला लावलंय. कामासाठी त्यावर मिरची नावाने गेमचं खातंही काढलंय. ताईचा असो की गेमचा, आलेला संदेश फोनमधली बाई खणखणीत आवाजात वाचते. काल ताईचं ‘अंघोळ केलीस का’ अख्ख्या भाजीबाजाराने ऐकलं.

९ मार्च, शनिवार

आज मास्तरांनी चक्क कौतुक केलं!

खारूताई नावाने खेळणारी कोणी बाई आहे. तिची तक्रार आली, पाहुणा नावाच्या खेळाडूविरुद्ध. मी चॅट उघडलं. म्हटलं आता चार नवीन शिव्या शिकायला मिळणार. तर हा माणूस कमालीचा अदबशीर. सगळ्यांना अहोजाहो. हरला तरी ‘छान खेळलात’. शेवटी एकच शब्द: येतो. त्यावर खारूताईने स्वतःच लिहिलेलं, ‘या’. आणि वर तक्रार!

निकालाखाली शेऱ्याची चौकट असते. फुंकर म्हणाला होता की ती कोरी सोड, शेरा दोन्ही खेळाडूंना जातो. पण माझा हात शिवशिवत होता. लिहिलं: ‘येतो’ हा निरोप असतो, धमकी नव्हे. सभ्य माणूस असाच निघतो. त्याला एकच म्हणायचं: या.

मास्तरांना ते वाक्य इतकं आवडलं की त्यांनी ते यंत्राला पढवून ठेवलं. यापुढे ‘येतो’ची तक्रार आली की यंत्र परस्पर हेच उत्तर धाडणार. माझं वाक्य, जसंच्या तसं! ताईला फोन करून सांगितलं. ती म्हणाली, शहाणीच आहेस.

१२ मार्च, मंगळवार

खारूताईने डोकं उठवलंय. यंत्राने तिच्या तक्रारी बंद केल्या की ती दुसरं कारण टाकून पुन्हा पाठवते, मग त्या माझ्याकडे येतात. आजची भली लांबलचक. लिहिते की, तुम्ही त्याला ‘या’ का म्हणालात? मीही सवयीने म्हणून बसले. एकदा म्हटलं की तो दाराशी येतो. दाराशी पुन्हा विचारतो. तेव्हा गप्प बसायचं, म्हणजे आत येता येत नाही. माझ्या संघातल्या एकीने दाराशीही म्हटलं, ती परत खेळायला आली नाही.

फुंकरला वाचून दाखवलं. तो म्हणाला, या बायकांना एक तर काम द्या नाहीतर नवरा. त्याच्या चहात बोट बुडवावं असं वाटलं. पण खरं सांगते, मीही हसलेच. तक्रार बंद.

संध्याकाळी तिची आणखी एक. पाहुणा म्हणालाय, ‘आलोच’.

आता पाणी प्यायला उठणारा माणूससुद्धा ‘आलोच’ म्हणतो. बंद.

१४ मार्च, गुरुवार

आज जे ऐकलं ते लिहायचं नव्हतं. पण पोटात राहत नाही, आणि ताईला सांगायची हिंमत नाही.

खारूताईची तक्रार सकाळी आली. मजकूर नाही, नुसता आवाज. खेळताना माइक चालू असला की तक्रारीसोबत मागचं थोडं रेकॉर्डिंग येतं. मी कानाला लावलं.

पंखा. खेळातल्या गोळ्या. तिचा श्वास, अगदी माइकजवळ. मग दाराबाहेर चपला काढल्याचा आवाज. एक. मग दुसरी, सावकाश. मग पुरुषाचा आवाज, मऊ, शिकलेला. त्याने विचारलं की येऊ ना? तुम्हीच म्हणाला होतात.

ती गप्प राहिली. खरंच गप्प राहिली, मी तीनदा ऐकलं. बोलला तो तिच्या संघातला पोरगा, स्पीकरवरून, खेळाच्या भरात. आपल्या गड्यांना ओरडून सांगत होता, या या, आत या!

कडी निघाली.

नंतर फक्त पंखा.

मी पाहुण्यावर दोषीचं बटण दाबलं, इतक्या जोरात की फुंकरने मान वर केली. खारूताई तेव्हापासून खेळात आलेली नाही. ती मला सांगत होती. किती सरळ शब्दांत सांगत होती.

१५ मार्च, शुक्रवार

पाहुणा परत आलाय. काढून टाकलेल्या खेळाडूला दाद मागता येते. त्याने मागितली. यंत्राने त्याचं चॅट तपासलं, त्यात ‘येतो’शिवाय काही नाही, आणि माझंच वाक्य लावून त्याला सन्मानाने आत घेतलं. दाद मागताना त्याने एक ओळ लिहिलीय, ती माझ्यासाठी आहे.

‘तुम्ही फार आपुलकीने बोलावलंत. येतो.’

मास्तरांकडे गेले. रेकॉर्डिंग ऐकवलं. त्यांनी अर्ध्यावर बंद केलं. म्हणाले की दार वाजणं हा काही गेममधला गुन्हा नाही, आणि नियम तुम्हीच लिहिलाय, आता तुम्हीच खोडणार का? यंत्र रोज बदलत नसतं. वर म्हणाले की नवीन माणसं आठवड्यातच हळवी होतात, तुमच्याकडून अपेक्षा वेगळी होती.

फुंकर खो खो हसला. पहिल्यांदाच हसताना पाहिलं. दात किडलेत मेल्याचे.

१६ मार्च, शनिवार

पोलीस चौकीत जाऊन आले. हवालदाराने विचारलं, धमकी काय दिली? मी वाचून दाखवलं. त्याने शेजारच्याला बोलावून पुन्हा वाचायला लावलं. मग दोघंही मला समजावत बसले की अहो बाई, येतो म्हणजे निरोप असतो. असं आपल्यात म्हणतातच.

मला सांगतात! मला!

खारूताईचा पत्ता कंपनी देत नाही. गुन्हा नोंदवल्याशिवाय चौकीला तो मागता येत नाही. ती कुठल्या गावात, कुठल्या खोलीत आहे, कोणाला माहीत नाही. तिचं दार अजून उघडंच असेल.

१८ मार्च, सोमवार

सकाळी दार उघडलं तर बाहेर चपला.

पुरुषाच्या. चामड्याच्या, जुन्या, पण पुसलेल्या. नीट जोडीने ठेवलेल्या, अंगठे माझ्या दाराकडे. जिना वाजला नव्हता. मांजरालाही वाजतो तो जिना.

मालकीणबाई खालून माझ्यावरच ओरडल्या. पाहुणे नकोत म्हणून सांगितलं होतं ना? त्यांनी त्याला पाहिलंय. म्हणे माणूस घरंदाज वाटला. त्याने नमस्कार केला आणि सांगितलं की वरच्या बाईंनीच या म्हटलंय. चेहरा कसा होता विचारलं तर त्यांना आठवेना. आठवेना म्हणून आणखी चिडल्या. महिनाअखेर खोली सोडा म्हणाल्या.

चपला काठीने ढकलून खाली पाडल्या. कचऱ्याच्या डब्यात टाकल्या. हात तीनदा धुतले.

कामावरून आले तर परत तिथेच. पुसलेल्या.

१९ मार्च, मंगळवार

कामावर गेले नाही. कुठे जाणार, चपला ओलांडून?

ताईला सगळं सांगितलं. फोनवर आधी हसली, मग म्हणाली की उद्या सकाळच्या गाडीने निघते, तोवर कडी काढू नकोस. फोन ठेवताना म्हणाली, बरं, येते.

मी किंचाळले. म्हटलं जाते म्हण. जाते म्हण, ताई! ती दुखावली. म्हणाली, जाते म्हणायला मी काय मेलेय? रडलो दोघी. शेवटी तिने नुसताच फोन ठेवला.

पहिल्यांदाच ती काही न म्हणता गेली.

२० मार्च, बुधवार, सकाळ

पाहुण्याचा संदेश. फोनमधल्या बाईने खणखणीत वाचला.

‘आलोच.’

खारूताईने लिहिलंय तेच खरं. दाराशी गप्प बसायचं. तोंडातून शब्द काढायचा नाही. खेळ बंद, म्हणजे स्पीकर बंद. त्या पोरासारखं कोणी ओरडणार नाही. ताई दुपारपर्यंत पोचते. तिला सांगितलंय, दाराशी येऊन बोलू नकोस, खालूनच हाक मार.

तोंडावर ओढणी बांधलीय. हसू येतंय माझंच मला. मिरची, आणि तोंड बांधून.

दुपार

चपला काढल्याचा आवाज. एक.

दुसरी.

विचारतोय. येऊ ना, मिरचीताई? तुम्हीच म्हणाला होतात.

मी गप्प. दोन्ही हातांनी तोंड —

पुन्हा विचारतोय. घाई नाही त्याला. आवाजात राग नाही, काही नाही. नुसती रीत.

ताई अजून नाही. मालकीणबाईंनी फोन उचलला, मी बोलेना म्हणून ठेवला. फुंकरने उचललाच नाही.

एक सुचलंय. तक्रार. मी पण खेळाडू आहे, माझंही खातं आहे. कामाला लागले तेव्हाच काढलं होतं. तक्रार केली की चौकशी होईपर्यंत समोरच्याला अडवतात, नियमच आहे. अडवला तर कदाचित — खेळात अडला तर इथेही —

लिहिलं: हा माणूस माझ्या दाराशी आहे. मी याला बोलावलेलं नाही. माझं वाक्य मागे घेते. याला या म्हणू नका. येतो म्हणतो तो खरंच येतो.

पाठवलं.

बाहेर शांत. थांबलाय. ऐकतोय बहुतेक.

फोन वाजला. ताई? नाही. उत्तर आलंय, इतक्या लवकर? कोणी वाचलं तरी — यंत्राने. ‘येतो’ शब्द दिसला आणि यंत्राने —

बाई वाचायला लागलीय. मोठ्याने. बंद कुठे करतात, बटण, बोटं ओली —

‘येतो’ हा निरोप असतो, धमकी नव्हे.

उशीखाली दाबला. तरी ऐकू येतंय

सभ्य माणूस असाच निघतो

नको. बाई, नको, पुढचं नको

त्याला एकच म्हणायचं

मी नाही म्हटलं. फोन म्हणाला, मी नाही. माझं तोंड बांधलेलं आहे, बघा, मी तर तोंडसुद्धा —

कडी वर चाल